मधल्या सीटवरचा भोपळा

"तुझ्या गाडीत किती माल भरलाय ते मी आत न बघता सांगतो," मी बाळाजीला बोललो. "नुसती बोटं लावून. पन्नास किलो इकडे, नाहीतर पन्नास किलो तिकडे."

बाळाजी गाडी धूत होता. लुंगी वर खोचलेली, हातात पाइप. त्याने आधी पाणी माझ्या चपलांवर सोडलं आणि मग बोलला, "भगवंता, सकाळी सकाळीच लावून आलास काय?"

आमचं बदलापूर गाव. स्टेशनकडचं बदलापूर वेगळं, तिकडे नुसते टॉवर. आम्ही नदीकडचे जुने लोक. बाळाजीचं घर माझ्या घराला चिकटून आहे, मधे एक फणस. झाड त्याचं आणि फणस माझ्या पत्र्यावर पडतात, त्यामुळे आमची मैत्री पक्की. त्याच्या जमिनी गेल्या, पैसा आला, तीन माळ्यांचा बंगला झाला आणि ओट्यासमोर सात सीटवाली पांढरी गाडी उभी राहिली. माझा धंदा जुन्या गाड्यांचा, उल्हासनगरला. घ्यायच्या, पुसायच्या, विकायच्या. त्यात मी ही बोटांची विद्या शिकलो.

विद्या काय, साधी गोष्ट आहे. टायरच्या वर पत्र्याची कमान असते ना, त्या फटीत हाताची बोटं आडवी घालायची. बाळाजीच्या रिकाम्या गाडीला मागे चार बोटं बसतात. दोन जाडे मेहुणे मागे बसवले की साडेतीन. लग्नाचा किराणा भरला की तीन. खाली स्प्रिंग असते, तिच्यावर जेवढं ओझं तेवढी ती बसते. माणूस खोटं बोलेल, आरसी बुक खोटं बोलेल, स्प्रिंग नाही बोलत. निदान तोपर्यंत मला असंच वाटत होतं.

"लाव पैज," बाळाजी बोलला. "येत्या रविवारी स्वप्नालीच्या मामाकडे चाललोय, बारवीला. येताना गाडीत माल असेल. सांग तू."

ओट्यावर त्याची आई बसली होती, गोदूआय. वय ऐंशीच्या पुढे, कान अजून पोलिसासारखे. तिने कोळंबी सोलता सोलता निकाल दिला. "जो हरंल त्यानी गाडी ढकलायची. देवलापासून नदीच्या घाटापर्यंत. पोरीच्या हलदीला, बेंजो बँडच्या पुढं. जिकलेला आत बसंल."

"आणि मी पण बसणार," आतून त्याच्या लेकीचा, स्वप्नालीचा आवाज आला.

"तू तर नवरी, तू बसच. मी बी बसंन."

मी हो बोललो. मी आयुष्यात गाडी ढकलायला लावणारा माणूस, ढकलणारा नाही. मागच्या शिमग्याला याच बाळाजीला मी फोन करून सांगितलं होतं की नदीचा पूल बंद आहे. तो बिचारा कल्याणला वळसा घालून घरी आला, आणि आला तेव्हा मी पुलावर खुर्ची टाकून कलिंगड खात बसलो होतो. त्यामुळे बाळाजी माझ्यावर कधीतरी डाव टाकणार हे मला कळायला हवं होतं.

आता मामाकडून काय आणायचं होतं ते सांगतो. बाळाजीच्या घरात एक रीत आहे. मुलीच्या हळदीचं जातं आणि उखळ मामाच्या घरून येतं. नवरीने स्वतः जाऊन आणायचं. ज्या गाडीत नवरी, त्याच गाडीत दगड. दुसऱ्या गाडीत घालायचे नाहीत आणि घर येईपर्यंत जमिनीला टेकवायचे नाहीत. ही रीत बैलगाडीच्या काळात बनली. बैल बिचारे दमले की आपोआप थांबायचे, जास्त भरलं तर उठायचेच नाहीत. गाडीला डिझेल घातलं की ती काहीच बोलत नाही.

रविवारी आम्ही निघालो. बाळाजी, गोदूआय, स्वप्नाली आणि मी. नदी ओलांडली, मोठा उतार उलटा चढून वर गेलो. तिथे खडीच्या ट्रकांसाठी वजनकाटा आहे, तो हरेशचा. हरेश उल्हासनगरचा सिंधी, माझा जुना दोस्त, आपल्यापेक्षा चांगलं मराठी शिव्यांसकट बोलतो. रविवारी खाण बंद, रस्ता मोकळा, हरेश बनियनवर बसलेला.

"साईं, ट्रक सोडून आज मच्छर घेऊन आलास?" तो गाडीकडे बघत बोलला.

आम्ही सगळे उतरलो. बाळाजीने एकट्याने गाडी हळूहळू काट्यावर घेतली. पुढची चाकं चढली तेव्हा हरेशने खिडकीतून आकडा ओरडून सांगितला, गंमत म्हणून. बाळाजीला खाली उतरायला लावून सातशे वीस. मग पूर्ण गाडी चढली, बाळाजी परत उतरला, बाराशे चाळीस. रिकामी गाडी. मी मागे बोटं घातली. चार, आणि वर किंचित. ते किंचित मी मनावर घेतलं नाही.

हरिचंद्रमामाचा पाडा धरणाच्या पाण्याच्या बाजूला. चारी बाजूंनी जंगल, खाली भाताची खाचरं. मला घराच्या मागे बसवलं, डोळ्यांवर स्वप्नालीची ओढणी बांधली आणि पुढ्यात तांदळाची भाकरी, सुकट आणि कांदा ठेवला. पुढून ओढण्याचे, कण्हण्याचे आणि "अरे हळू, बोट, बोट" असे आवाज येत होते. मी जेवत होतो. सुकट फर्स्टक्लास होती.

बोलावलं तेव्हा गाडीच्या मागच्या भागावर गोधड्या टाकलेल्या, काचांना पडदे. मी दोन्ही हात चोळले. डाव्या चाकाशी बसलो, बोटं घातली. तीन, आणि वर एक नखभर. उजव्या चाकाशी तेच. नेहमी मी डिकी दोन्ही हातांनी दाबून सोडतो, गाडी कशी हलते ते बघायला. त्या दिवशी पोट भरलेलं होतं. नाही दाबली.

"दीडशे किलो," मी बोललो. "ताणून एकशे ऐंशी."

हरिचंद्रमामा एकदम खोकायला लागला. बाळाजी आकाशातले ढग बघत होता. मला वाटलं, जवळपास आलोय, म्हणून यांची तोंडं पडलीत.

मामा पण आमच्याबरोबर निघाला. निघताना मामीने एक लाल भोपळा दिला, मोठा, स्वप्नालीच्या मांडीवर मावेना एवढा. वाटेत बाळाजी खुशीत होता. स्टेअरिंग एका बोटाने फिरवून दाखवत होता. "बघ भगवंता, माल भरला की गाडी कशी लोण्यासारखी वळते. हलकी लागते हातात." मी हसलो. पण खड्ड्यात गाडी डुलत नव्हती, मागून नुसती ठकठक आपटत होती. जसं एखादं टेबल कोणी जिन्यावरून ओढत नेतंय. मला ते ऐकू आलं, पण जिंकल्याच्या नादात मी कानाला सांगितलं, गप बस.

काट्यावर सगळे उतरले. हरेश आत गेला. खिडकीतून त्याचं तोंड बाहेर आलं, मग परत आत गेलं, परत बाहेर आलं.

"सोळाशे पन्नास."

मी बोटांवर हिशोब केला. चारशे दहा किलो. मी दीडशे सांगितले होते.

गोदूआय आधी हसली. तिला दात नाहीत, त्यामुळे तिचं हसणं सगळं घशातून येतं. मग मामा, मग स्वप्नाली. बाळाजी तर काट्याच्या लोखंडावर मांडी ठोकून बसला आणि डोळे पुसायला लागला. मग त्याने मला हाताला धरून चाकाशी नेलं, मोबाइलचा टॉर्च आत मारला. मागच्या स्प्रिंगच्या वेढ्यांमधे काळ्या रबराचे जाड ठोकळे कोंबलेले होते. दोन्ही बाजूंना.

"उल्हासनगरला बसवले," तो बोलला. "तुझ्या दुकानाच्या मागच्याच गल्लीत. गाडी मागून बसत नाय मंग. पाच गोण्या तांदूळ हाय आत, लग्नाचा. वर जातं. बाजूला उखळ. तुझी तीन बोटं तुझ्याकडे ठेव."

मला राग नाही आला. खरं सांगतो, मला त्याच्या पायाच पडावंसं वाटलं. आयुष्यभर मी लोकांना टोप्या घातल्या आणि या लुंगीवाल्याने माझ्याच गल्लीत जाऊन माझ्यासाठी टोपी शिवून आणली. मी त्याला मिठी मारली. हरेशने चहा सांगितला.

चहा पिताना मला स्टेअरिंग आठवलं. लोण्यासारखं.

"हरेश," मी बोललो, "फक्त पुढची चाकं घे ना काट्यावर. सकाळी सातशे वीस होती. आता बघू किती वाढली."

बाळाजीने गाडी मागे घेऊन पुढची दोन चाकं काट्यावर उभी केली आणि उतरला. हरेशने आकडा बघितला. काच पुसली. परत बघितला.

"सहाशे नव्वद."

स्वप्नाली बँकेत आहे, आकड्यांची पोरगी. तिने विचारलं, "काका, कमी कसं झालं?"

मी पण तेच बघत होतो. गाडीत चारशे किलो घातले आणि पुढची चाकं तीस किलोने हलकी झाली. माझं अर्धं आयुष्य गाड्यांखाली गेलं, पण हे मी कधी आकड्यात बघितलं नव्हतं. सगळं ओझं मागच्या चाकांच्याही मागे बसलं होतं, आणि सीसॉवर जाडा पोरगा बसला की समोरचा उचलला जातो तशी त्याने गाडीची पुढची बाजू उचलायला घेतली होती. वळायचं पुढच्या चाकांनी. ब्रेकचं जास्त काम पुढच्या चाकांचं. आणि तीच चाकं रस्ता धरायची सोडून चालली होती. बाळाजीला ते लोणी वाटत होतं. आणि गाडी मागून बसली असती तर कोणालाही दिसलं असतं. रबराने तेवढं दिसणं बंद केलं होतं. ओझं जिथल्या तिथे.

त्यात आता पाच माणसं बसणार होती. आणि पुढे तो उतार. खाली शेवटाला काटकोनी वळण, वळणाला लागून पूल, पुलाखाली उल्हास नदी.

"बाळाजी," मी बोललो, "ही गाडी अशी खाली न्यायची नाही."

"का? पूल बंद हाय का?"

सगळे परत हसले. मी हात जोडले. बोललो, शप्पथ घेतो, मस्करी नाही. गोदूआयने माझ्याकडे बघून मान हलवली. "शपथ तर तू त्या दिशी बी घेतलीस रं. पुलाची."

"आय, वजन जास्त आहे. गाडीची ताकद सव्वापाचशेची, माणसं धरून. आपण सातशेच्या वर जातोय."

"सात माणसांची गाडी हाय," बाळाजी बोलला. "आपण पाचच. दोन माणसं कमी, त्याच्या बदल्यात माल. आणि जड गाडी रस्त्याला चिकटून चालते, हे लहान पोराला कळतं. हरलास म्हणून ढकलायला नको, एवढंच हाय तुझं."

त्याचा संशय चुकीचा नव्हता. त्याच्या जागी मी असतो तर मीही मला ऐकलं नसतं. स्वप्नाली दार उघडून मधल्या सीटवर बसायला निघाली, डाव्या बाजूला, नेहमीच्या जागी. तिच्या पाठीमागे गोधडीखाली सीटच्या उंचीएवढ्या गोण्या, आणि गोण्यांवर जात्याची वरची तळी, आडवी, मोकळी. बांधलेली नाही. दगडाला दोरी कशाला, तो कुठे पळून चाललाय.

मला एकच भाषा येते, जी हे लोक ऐकतात.

"दुसरी पैज," मी बोललो. "हरलो तर घाटापर्यंत नाही, घाटापर्यंत आणि परत. साडी नेसून."

बाळाजी थांबला. गोदूआय पण थांबली. साडी तिला आवडली.

"समोर हा सरळ रस्ता आहे, आज एक ट्रक नाही. चाळीसच्या स्पीडने ये. मी पहिल्या रेघेला ब्रेक बोलीन. दुसऱ्या रेघेच्या आत गाडी उभी करून दाखव. दुसरी रेघ तू मार, तुला पाहिजे तिथे. नाही जमलं तर माल मी सांगीन तसा जाईल. बस."

"माणसं?"

"आपण दोघं. बाकी सगळे इथे खुर्चीत. पण नवरीची जागा रिकामी नको, अपशकुन नको." मी स्वप्नालीच्या हातातला भोपळा घेतला आणि तिच्या सीटवर बसवला. "ही तुझी पोरगी."

स्वप्नालीला ते फार आवडलं. तिने पर्समधून लिपस्टिक काढून भोपळ्याला डोळे काढले, ओठ काढले, वर आपली ओढणी पदरासारखी घातली. मामाने त्याचा फोटो काढला. पट्टा भोपळ्याच्या पोटावरून ओढून लावला तेव्हा हरेश बोलला, "नवरी चांगली आहे, बोलत नाय."

खडीची पांढरी भुकटी तिथे ढिगाने पडलेली असते. पहिली रेघ मी मारली. दुसरी बाळाजीने, दिलदारपणे, लांब लांब पावलं टाकत. एवढ्यात तर आपली म्हैस पण थांबते, असं बोलला.

आम्ही बसलो. त्याला पट्टा लावायला लावला, मी पण लावला. मागे जाऊन गाडी वळवली. आरशात मला भोपळ्याचे लिपस्टिकचे डोळे दिसत होते. चाळीस झाले. रेघ आली. मी बोललो, ब्रेक.

बाळाजीने ब्रेक मारला, मनापासून मारला, हे मी देवासमोर सांगेन. गाडीचं नाक खाली गेलं. मागचा भाग रबरावर ठकाठक उड्या मारायला लागला, एक उडी इकडे, एक तिकडे, आणि शेपूट रस्त्याच्या कडेला सरकायला लागलं. टायर ओरडत होते पण गाडी थांबत नव्हती. तिला थांबायचंच नव्हतं. दुसरी रेघ बोनेटखाली गेली. आणि त्याच वेळी माझ्या कानामागे काहीतरी सरकलं, खरखर, जशी कोणी जड पेटी ओढतंय. मग एक आवाज झाला. मोठा नाही. ओला आवाज.

गाडी उभी राहिली. धूळ पुढे निघून गेली. आम्ही दोघंही मागे बघत नव्हतो.

खुर्चीतली माणसं चालत आली. स्वप्नालीने दार उघडलं.

जात्याची तळी गोण्यांवरून निघून, सीटच्या वरून येऊन, मधल्या सीटवर बसली होती. अगदी नीट. जशी ती तिचीच जागा. तिच्याखालून केशरी गर सीटवरून खाली ठिबकत होता आणि बिया माझ्या पाठीपर्यंत उडाल्या होत्या. ओढणीचं एक टोक दगडाखालून बाहेर आलं होतं. पट्टा लावलेलाच होता.

गाडी थांबली होती, दगड थांबला नव्हता. एवढंच झालं होतं. त्याला कोणी सांगितलंच नव्हतं थांबायला. दोन माणसांनी कण्हत उचललेला दगड, तो चाळीसच्या वेगाने निघाला होता आणि त्याने तो वेग आपल्यापाशी ठेवला. मी पंचवीस वर्षं गाड्या विकतो. गिऱ्हाइकाला सांगतो, साहेब, वजनदार गाडी आहे, बिनधास्त जा. त्या दिवशी वजन काय असतं ते मी पहिल्यांदा बघितलं. ते झोपलेलं असतं, आपण त्याला उठवतो आणि वर बसून फिरतो.

ओढणी ओढायला कोणाचा हात पुढे होईना. बाळाजी स्टेअरिंग धरून बसला होता. त्याला मी हसताना बघितलाय, भांडताना बघितलाय, जमीन विकली त्या दिवशी रडताना बघितलाय. असा नाही.

गोदूआय पुढे आली. तिने दगडावर हात ठेवला, मग तोच हात कपाळाला लावला, मग पोरीच्या डोक्यावर फिरवला. बराच वेळ फिरवत राहिली.

"भगवंता," ती बोलली, "सांग कसा न्यायचा."

"आय, दगड दुसऱ्या गाडीत चालत नाही ना?"

"नाय."

"तांदूळ?"

तिने विचार केला. "तांदलाचं काय बोलणं नाय. तांदूल कसा पन जाऊ दे."

हरेशने न सांगता आपला पिकअप काढला. गोण्या त्याच्यात गेल्या. दगड आम्ही मधल्या सीटच्या पुढे, पाय ठेवतात तिथे, गाडीच्या अगदी पोटात आडवे ठेवले, जमिनीला न टेकवता, हातातून हातात. काट्याच्या दोरखंडाने सीटच्या लोखंडाला असे बांधले की मामा बोलला, बैल पण सुटणार नाही. मग जॅक लावला आणि मी रबराचे ठोकळे लोखंडी टॉमीने उपटून काढले. गाडी जॅकवरून खाली आली आणि मागून अलगद बसली, श्वास सोडल्यासारखी. मी बोटं घातली. साडेतीन. या वेळी डिकी पण दाबून बघितली. डुलली. मला इतकं बरं वाटलं.

पुढची चाकं हरेशने परत तोलली. आता जड भरली, सकाळपेक्षा थोडी जास्त. स्वप्नालीने आकडा ऐकला आणि माझ्याकडे बघितलं. दोघंही हसलो नाही.

स्वप्नाली पुढे बसली, पट्टा लावून. गोदूआयने पिकअपमधे हरेशच्या शेजारी बसायचं ठरवलं, कारण तिकडे गाणी लावता येतात. मामा आणि मी रिक्षा बघून मागून येतो बोललो, पण बाळाजीने मला सोडलं नाही. "तू बस मागे," तो बोलला. "दगडापाशी."

उतार तो दुसऱ्या गिअरमधे उतरला. बैलगाडीच्या चालीने. काटकोनी वळण आलं, गाडी एका बाजूला झुकली, बाहेरच्या स्प्रिंगा दबल्या आणि परत उठल्या. मला ते पायांखाली समजत होतं. माझ्या पायांना तो दगड लागत होता, गार, हलत नव्हता. पूल आला, नदी दिसली, खाली बायका कपडे धूत होत्या.

"भगवंता," बाळाजी बोलला, "स्टेअरिंग आता जरा जड लागतंय."

"हो."

"चांगलं वाटतंय."

हळदीचा दिवस आला. जातं ओट्यावर बसलं, त्याला आंब्याची पानं बांधली, बायकांनी गाणी म्हणत हळद दळली. दुपारी बाळाजी माझ्या दारात आला. अंगावर नवा शर्ट, तोंडाला पिवळं. हळूच बोलला, "ती पैज राहू दे रे. तू दुसरी जिंकलास. फिटलं."

मी काही बोलायच्या आत फणसाच्या पलीकडून गोदूआयचा आवाज आला. "राहू दे कशी? पयली पयली, दुसरी दुसरी. त्याला ढकलू दे. लोकांना मी सांगून ठेवलंय."

सांगून ठेवलं होतं म्हणजे काय, देवळासमोर अख्खं गाव. बेंजोवाले तयार. गाडीला झेंडूच्या माळा आणि बोनेटवर एक लाल भोपळा, लिपस्टिकचे डोळे काढलेला. हे स्वप्नालीचं काम. मागच्या काचेवर तिने लिहिलं होतं, भगवंतकाकांची तीन बोटं.

मी आधी बोटं घातली, लोकांच्या टाळ्यांसाठी. चार. बाळाजी बसला. गोदूआय बसली, स्वप्नाली बसली, दोन पोरींना घेऊन. बोटं एकेक करून बाहेर येत गेली. साडेतीन, तीन. मामा बसला. मला खाली बसून ते बघत राहावंसं वाटत होतं, कसं प्रत्येक माणूस आत गेला की गाडी थोडी वाकते, मान देते. कोणी लपवत नव्हतं आता.

"बघतोस काय," गोदूआय काच खाली करून बोलली. "लाव जोर."

मी हात लावले. बाळाजीने गिअर न्यूट्रलला टाकला, हॉर्न वाजवला. मी ढकललं. काही झालं नाही. पाठ लावली, चप्पल सरकली, बेंजोवाल्याने मुद्दाम झोपायचं गाणं वाजवलं. खांदा लावला. आणि कुठून तरी आत, त्या सगळ्या लोखंडाच्या आणि माणसांच्या आत, काहीतरी कबूल झालं. चाकं एक इंच सरकली. मग वीत. मग मी चालायला लागलो.

देवळाच्या पुढे घाटाकडे रस्ता उतरतो, थोडासाच, चालणाऱ्याला कळत पण नाही. गाडीला कळलं. माझ्या तळहाताखालचा जोर हलका झाला आणि मी ढकलत नव्हतो, मी मागे पळत होतो. हलायला तयार नव्हती ती आता थांबायला तयार नव्हती. आत सहा माणसं, त्यातली एक परवा सासरी जाणारी. मी दोन्ही हातांनी डिकी धरून मागे झुकलो, टाचा रोवल्या, आणि ती मला घेऊन निघाली, बेंजोच्या पुढे, अख्ख्या गावासमोर.

"बाळाजी, ब्रेक मार," मी बोललो.

त्याने काचेतून डोकं बाहेर काढलं. "काय बोलतोस? बेंजोत ऐकू येत नाय."

"ब्रेक."

"परत मस्करी?"

गोदूआय त्याच्या डोक्यात टपली मारते ते मला मागच्या काचेतून दिसलं. मग लाल दिवे लागले, गाडीचं नाक हळूच खाली गेलं, मागची बाजू माझ्या छातीपर्यंत उचलली गेली आणि मी तिच्यावर पालथा पडलो, गाल गरम पत्र्याला लावून. घाट अजून लांब होता. लोक शिट्ट्या मारत होते. मी दोन्ही हात परत डिकीवर ठेवले आणि जोर लावायला टाचा उचलल्या.